दूरहस्त

रेवती चौगुलेची याचिका फेटाळली गेली, तेव्हा तिचे वडील कोर्टाच्या आवारातल्या बाकावर बसून एका हाताने शेंगा सोलत होते. एका हाताने शेंग सोलणं दिसतं तितकं सोपं नाही. अंगठ्याने शेंगेच्या नाकावर दाब द्यायचा, ती फुटली की तळहातातच घोळवायची आणि टरफल फुंकरीने उडवायचं. पक्षाघाताने डावा हात गेल्यापासून आण्णांनी ही कला इतकी कमावली होती, की कोल्हापूरच्या खंडपीठातले घाईतले वकीलही जरा थांबून बघायचे. सोललेले दाणे ते शर्टाच्या खिशात साठवत होते.

रेवती बाहेर आली आणि त्यांच्या शेजारी बसली.

"काय झालं गं?"

"फेटाळली."

आण्णांनी खिशात हात घातला आणि मूठभर दाणे तिच्या हातावर ठेवले. "खा. सकाळपासनं पोटात काय न्हाई तुझ्या."

तिने दाणे तोंडात टाकले, आणि चावता चावता तिला रडू फुटलं. आण्णांनी पुढची शेंग घेतली.

मागोमाग तिच्या वकील निलोफर मुजावर आल्या. काळा कोट काढून हातावर टाकलेला, चेहरा उतरलेला. हार त्यांना नवी नव्हती, पण ही केस त्यांनी मनाला लावून घेतली होती. "डॉक्टर, एक विचारू? त्या दिवशी इतकं खरं बोलायला तुम्हाला कुणी सांगितलं होतं?"

"मग काय खोटं सांगायचं होतं, मॅडम?"

"खोटं नव्हे हो. गप्प बसायचं होतं. बोलायचं काम माझं होतं."

आता ती काय बोलली होती ते कळायचं, तर हे दूरहस्त प्रकरण काय आहे ते आधी सांगायला हवं.

रेवतीला जॉर्जियातल्या एका वैद्यकीय विद्यापीठात प्रवेश मिळाला, बॅग भरून झाली, आणि त्याच आठवड्यात आण्णा अंगणात कोसळले. आई तर रेवती शाळेत असतानाच गेली होती. घरात दुसरं माणूस नाही. पोरगी बॅगेतले कपडे परत कपाटात ठेवत होती, तेव्हा विद्यापीठानेच एक वाट काढून दिली. व्हिसाच्या आणि युद्धाच्या कटकटींनी परदेशी विद्यार्थी आटले होते, म्हणून त्यांनी नुकताच दूरहस्त अभ्यासक्रम सुरू केला होता. विद्यार्थ्याने आपल्या घरी राहायचं. पेशंटपर्यंत फक्त त्याचे हात जायचे.

गडहिंग्लजच्या घरातल्या मागच्या खोलीत रेवती हातमोजे घालून बसायची. दिसायला ते वेल्डिंगवाल्याच्या मोज्यांसारखे जाडजूड, पण आतून बारीक बारीक फुग्यांनी भरलेले. फुगा फुगला की बोटाला दाब कळायचा. तिकडे काळ्या समुद्राच्या काठावरच्या इस्पितळात खाटेशेजारी एक मऊ यांत्रिक हात असायचा. रेवतीने इकडे बोटं वाकवली की तो हात तिकडे पेशंटच्या पोटावर वाकायचा. पोट मऊ लागलं की कडक, ते त्याच वाटेने तिच्या बोटांत परत यायचं.

घोडं अडायचं ते अंतरापाशी. उजेडाचा वेग कितीही असला, तरी समुद्राखालच्या तारांमधून तिकडे जाऊन परत यायला वेळ हा लागतोच. डोळ्यांना तो उशीर कळत नाही, पण बोटांना कळतो. दाबल्याची जाणीव जराशी उशिरा आली की हात गोंधळतो, आणखी दाबतो, आणि पेशंट कळवळतो. म्हणून मोज्यांना एक अंदाज बांधणारा मेंदू जोडला होता. तो लाखो पोटांवरून शिकलेला होता. रेवतीने दाबलं की खरा निरोप यायच्या आत तो आपला अंदाज बोटांना देऊन मोकळा व्हायचा. मग डोळ्याचं पातं लवेपर्यंत खरा निरोप पोचायचा आणि चूक असेल तिथे मोजा हळूच सावरून घ्यायचा. बोटांखाली काहीतरी किंचित सरकल्यासारखं व्हायचं. विद्यार्थी त्याला 'दुरुस्ती' म्हणायचे.

बहुतेकांना ती दुरुस्ती जाणवायची नाही. ते दाबायचे आणि पुढे जायचे. रेवती मात्र दाबून थांबायला शिकली. लगेच कळतं तो अंदाज आणि जरा उशिरा येतं ते खरं, हे तिच्या बोटांत मुरलं. ते इतकं मुरलं, की घरातही ती बटण दाबून बोट तसंच ठेवायची, कपाळाला हात लावून ताप बघायची तर हात काढायचंच विसरायची. आण्णांना चेष्टेला तेवढंच पुरायचं. "अगं, भाकरी थापतीस का तिला झोपवतीस?"

त्या इस्पितळात मनाना नावाची एक म्हातारी होती. जुना यकृताचा आजार. विद्यार्थ्यांनी आपलं पोट तपासावं म्हणून ती हौसेने यायची. तपासणी संपली की ती तो यांत्रिक हात आपल्या दोन्ही हातांत धरायची आणि जरा वेळ बसून राहायची. अंदाज बांधणाऱ्या मेंदूला पोटं ठाऊक होती, पण पेशंट उलटा हात धरतो हे त्याला कुणी शिकवलेलं नव्हतं. त्यामुळे पडद्यावर मनाना हात धरताना दिसायची आणि रेवतीच्या बोटांना आधी काहीच लागायचं नाही. मग एकदम ती पकड यायची, सगळीच्या सगळी, हाडांसकट. रेवती त्या क्षणाची वाट बघायची. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं, कारण अभ्यासक्रमात ते कुठेच बसत नव्हतं.

पदवी मिळाली. इथली परवाना परीक्षाही ती चांगल्या गुणांनी पास झाली. पण वैद्यक परिषदेने नोंदणी नाकारली. नियम म्हणत होता, की प्रशिक्षण रुग्णाच्या खाटेपाशी झालेलं असावं. मुजावर मॅडमनी कोर्टात बाजू मांडली, की हात खाटेपाशीच होता आणि डॉक्टरकीत हातच महत्त्वाचा. सुनावणी रंगली. न्यायमूर्ती शांत स्वभावाचे, ऐकून घेणारे. शेवटी त्यांनी चष्मा काढला आणि थेट रेवतीलाच विचारलं.

"डॉक्टर, तुमच्या बोटांना इतकी वर्षं जे कळलं, त्यातलं पेशंटचं किती आणि यंत्राच्या अंदाजाचं किती?"

मुजावर मॅडम उठेपर्यंत रेवती बोलून गेली होती. "सांगता येत नाही, माय लॉर्ड. कधी मला कळायचं. कधी कळलंही नसेल."

निकालात तेच वाक्य आलं. याचिकाकर्तीच्या ज्ञानाबद्दल आणि प्रामाणिकपणाबद्दल न्यायालयाला शंका नाही. परंतु आपण पेशंटला स्पर्श केला की अंदाजाला, हे जिला स्वतःला सांगता येत नाही, तिच्या हाती पेशंट देता येणार नाही. याचिका फेटाळण्यात येते. मात्र सरकारी रुग्णालयात दोन वर्षं प्रत्यक्ष काम केल्यास परिषदेने नोंदणीचा नव्याने विचार करावा.

"जागा नंदुरबारला आहे," मुजावर मॅडम म्हणाल्या. "दुसरीकडे कुठेच नाही, मी चौकशी केली. नाहीतर दिल्लीला अपील करू. तुम्ही सांगाल तसं."

"विचार करते," रेवती म्हणाली. विचार तिचा झालेला होता. नंदुरबार म्हणजे महाराष्ट्राचं दुसरं टोक. आण्णांना उठवणं, बसवणं, अंघोळ घालणं कोण करणार? दूरहस्तवाली बरीच मुलं आता घरी बसून एक्स-रे आणि स्कॅन वाचायची कामं करत होती. तीही तेच करणार होती. त्याला नोंदणी लागत नाही आणि पेशंटही लागत नाही.

परतीच्या बसमध्ये आण्णा खिडकीशी बसले. एसटीत त्यांनी उभा जन्म कंडक्टरकी केली होती. आता बसला कंडक्टर नव्हता, घंटीची दोरीही नव्हती. बाईच्या गोड आवाजात बसच थांब्यांची नावं सांगायची. आण्णांना त्या बाईचा राग होता. "हिला म्हाईत हाय का, निपाणीत कोण चढतंय ते?" असं ते दर वेळी म्हणायचे. आज म्हणाले नाहीत. रेवतीने दिलेला वडाही त्यांनी कागदात गुंडाळून ठेवला.

घरी आल्यावर तिने त्यांना खुर्चीतून पलंगावर घेतलं. रोजचंच काम. उजवा हात त्यांच्या बरगडीखालून घातला आणि उचलणार, तेवढ्यात त्यांचं अंग ताठ झालं.

"दुखलं?"

"न्हाई."

"आण्णा."

"बस हादरत हुती. दुसरं काय न्हाई."

तेव्हा तिला शेंगा आठवल्या. दिवसभर सोलल्या, खिसा भरला, सगळे दाणे तिला दिले. स्वतः एक तोंडात टाकला नव्हता. ज्या माणसाला शेंगांशिवाय प्रवास होत नाही त्याने एक दाणा खाल्ला नाही, वडा तसाच ठेवला, आणि डॉक्टर म्हणवणारी लेक शेजारी बसून आपल्याच दुःखात होती. तिला स्वतःची लाज वाटली.

"शर्ट वर घ्या. बघू दे."

"केस हाय म्हणून कुणाला हात लावायचा न्हाई, म्हटली हुती की तुझी वकील."

"केस संपली. आणि तुम्ही कुणी नाही, माझे वडील आहात."

एवढ्या वर्षांत तिने या शरीराला रोज हात लावला होता, पुसलं होतं, तेल चोळलं होतं, पण डॉक्टर म्हणून कधी तपासलं नव्हतं. 'माझ्यावर प्रयोग नकोत' म्हणून आण्णाच हसण्यावारी न्यायचे. आज तिने उघड्या हाताची बोटं त्यांच्या उजव्या बरगडीखाली ठेवली. दाबलं नव्हतं, नुसती ठेवली होती. आणि बोटांखाली पोट फळीसारखं कडक झालं.

रेवती चपापली. असं तिला आजवर कधीच लागलं नव्हतं. पुस्तकात होतं, परीक्षेत तिने लिहिलंही होतं, की दाबाच्या आधीच रुग्ण भीतीने पोट आवळतो. पण मोजा दाबाचा अंदाज बांधायचा, भीतीचा कसा बांधणार? त्याच्या हिशेबी ते आवळणं म्हणजे निरोपातला बिघाड. तो ते गाळून, गुळगुळीत करून तिच्यापर्यंत पोचवायचा. किती माणसं तिकडे तिच्या हाताखाली घाबरली असतील, आणि तिला कळलंच नव्हतं. न्यायमूर्तींनी विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर तिला आता मिळत होतं, बापाच्या पोटावर.

दुसरा कुणीही डॉक्टर असता तर त्याने 'पोट सैल सोडा' म्हणून दामटलं असतं, किंवा हात काढून सोनोग्राफी लिहून दिली असती. रेवती थांबली. काही सुचून नव्हे, नुसती सवयीने. बोटं तशीच ठेवून ती दुरुस्तीची वाट बघत राहिली. दुरुस्ती येणार नव्हती हे तिला माहीत होतं, पण हाताला कोण सांगणार?

आणि त्या थांबण्यात आण्णा बोलायला लागले.

"तुझा हात तुझ्या आईसारखा हाय. गरम." मग जरा वेळाने, "ती बी अशीच बसायची. काय बोलायची न्हाई." मग आणखी जरा वेळाने, "लई दुखतंय गं पोरी."

हे म्हणून झालं आणि पोट हळूहळू सैल झालं. घाबरून आवळलेलं पोट हात शांत राहिला की सुटतं. आतून खरंच पेटलेलं असेल तर सुटत नाही. हे सुटलं, म्हणजे अजून वेळ होता. "श्वास घ्या," ती म्हणाली. त्यांनी श्वास घेतला, तसं काहीतरी गोल, ताणलेलं, खालून तिच्या बोटांना येऊन भिडलं आणि आण्णांचा श्वास अर्ध्यातच तुटला. पित्ताशय. खडे असणार, आणि सूजही.

"कधीपासून आहे हे?"

"केस लागली तवापासनं."

"आणि मला सांगितलं नाहीत?"

"सांगितलं असतं तर तू केस सोडून माझ्या उशाला बसली असतीस." आण्णांनी डोळे मिटले. "एकदा बॅग रिकामी केलीस माझ्यापायी. ते बघितलंय मी. परत बघायचं नव्हतं."

रेवतीने त्यांच्या पोटावरून हात काढला नाही. तिला इतका राग आला होता, आणि इतकी माया दाटली होती, की दोन्हींचं काय करायचं ते तिला कळेना.

दुसऱ्या दिवशी गावातल्या सर्जननी शस्त्रक्रिया केली. खड्यांनी भरलेली पिशवी निघाली. "चांगलं पकडलंत," ते रेवतीला म्हणाले. "अजून थोडे दिवस गेले असते तर फुटली असती. प्रॅक्टिस कुठे करता?"

"करत नाही," ती म्हणाली. "नोंदणी नाही मला."

वॉर्डात आण्णा उशीला टेकून बसले होते. तोंडावर तेज आलं होतं, म्हणजे आता ऐकून घेणार नव्हते. मुजावर मॅडमचा अपिलासाठी फोन आला तो त्यांच्यासमोरच.

"अपील नको, मॅडम," रेवती म्हणाली. "न्यायमूर्तींचं बरोबर होतं. अगदी सगळं नव्हे, पण बरोबर होतं."

"मग नंदुरबार?"

"नाही. इथेच बघेन काहीतरी."

तिने फोन ठेवला. आण्णा तिच्याकडे रोखून बघत होते. बिनतिकिटाच्या प्रवाशाकडे ते असंच बघत असावेत.

"का न्हाई नंदुरबार?"

"तुम्हाला इथं टाकून?"

"मला टाकून कशाला? मी काय जमिनीत पुरलेला दगड हाय?"

"आण्णा, आपलं घर, गाव..."

"घराचं काय घेऊन बसलीस? मी जल्मभर गाडीत हुतो. रोज शंभर गावं बघितली. त्या मागच्या खोलीत तुझं मशीन बसलं म्हणून मी घरात बसलो. म्हटलं, पोरीची शाळा हितं हाय, तवा आपुन हलायचं न्हाई." ते जरा थांबले. "तुला वाटायचं, तू माझ्यापायी अडकलीस."

एवढी वर्षं दोघं एकमेकांसाठी एका घरात बसून होती आणि दोघांनीही ते एकमेकांना सांगितलं नव्हतं. रेवतीला हसू आलं आणि हसता हसता तिने डोळे पुसले.

"तिकडं थंडी लई असती म्हणे," ती म्हणाली. नकळत तीही त्यांच्यासारखीच बोलली.

"स्वेटर घे."

आणि आण्णांनी चांगल्या हाताने खाटेच्या लोखंडी कडीवर टण् टण् असे दोन टोले दिले. एका घंटीला गाडी थांबते आणि दोन घंट्यांना निघते, हे चौगुल्यांच्या घरात लहानपणापासून सगळ्यांना ठाऊक होतं. तिने फोन उचलला आणि मुजावर मॅडमना परत लावला.

नंदुरबारच्या सरकारी रुग्णालयात आण्णांनी पहिल्याच आठवड्यात बस्तान बसवलं. ओपीडीबाहेरच्या बाकाशेजारी त्यांची खुर्ची लावलेली असायची. खिशात शेंगा, आता स्वतःसाठीही. रांगेत ढकलाढकली झाली की ते आवाज चढवायचे, "चला, आत सरका, आत जागा हाय." ती भाषा निम्म्यांना कळत नव्हती, पण सगळे सरकायचे.

आत रेवती डॉ. पाडवींच्या हाताखाली काम करत होती. पाडवी मॅडम इथल्याच, भराभर काम उपसणाऱ्या. रेवतीचं थांबणं त्यांना दिसत होतं आणि पटत नव्हतं. "चौगुले, बाहेर रांग बघितलीस का? असं एकेकाच्या पोटावर हात ठेवून बसलीस तर संध्याकाळ होईल."

"हो मॅडम," असं म्हणून रेवती घाई करायची आणि पुढच्या पेशंटपाशी परत थांबायची.

एके दिवशी सातपुड्यातल्या वरच्या पाड्यावरून रायलीबाई आली. नवऱ्याने झोळीत घालून रस्त्यापर्यंत आणलेली. पावरी बोलणारी; रेवतीला तिचा एक शब्द कळत नव्हता आणि तिला रेवतीचा. तिने कधी इस्पितळ पाहिलेलं नव्हतं. ती टेबलावर आडवी झाली ती छताकडे डोळे लावून, दोन्ही हात घट्ट मिटून.

रेवतीने हात चोळून गरम केले आणि बोटं तिच्या पोटावर ठेवली. पोट आवळलं. भीती, आता रेवतीला ती ओळखता येत होती. ती थांबली. मागे पाडवी मॅडमनी घड्याळ पाहिलं, पण आज तिला थांबू दिलं.

रायलीबाईने छतावरची नजर खाली आणली. त्या पोरसवद्या डॉक्टरणीकडे जरा वेळ पाहिलं. मग एक मूठ सोडली, आणि आपला खरखरीत हात पोटावरच्या त्या हातावर ठेवून तो घट्ट धरला.

पकड लगेच कळली. मध्ये क्षणही गेला नाही, जराही उशीर नाही. आणि लगेच कळतं तो अंदाज असतो, हे रेवतीच्या बोटांना पक्कं ठाऊक होतं. म्हणून ती सवयीने श्वास रोखून, हात न हलवता, दुरुस्तीची वाट बघत राहिली.

दुरुस्ती आली नाही.